तुडतुड्याच्या हंगामातली सही

कामठ्याच्या शाळेत जाताना रस्त्याच्या दोन्ही अंगांना धान उभा असतो. गाडीवरून जाताना त्याच्याकडे बघायचं नाही असं मी दरवर्षी ठरवते आणि दरवर्षी बघते. यंदा बघितलं तर बांध्यांच्या, म्हणजे धानाच्या खाचरांच्या, मधोमध तांबूस गोल पडले होते. कडेचा धान छान पिवळा, लोंब्या वाकलेल्या, चार दिवसांत विळा लावावा असा. आणि मध्ये मात्र आधी ताटाएवढं, मग परातीएवढं, मग अंगणाएवढं करपलेलं. तुडतुडा लागला की असंच होतं. हा किडा धानाच्या बुडाशी बसतो, धुऱ्यावर, म्हणजे शेताच्या बांधावर, उभं राहून दिसत नाही. आपल्याला कळतं तोवर त्याचं जेवण आटोपलेलं असतं.

वर्गातली मुलं सांगतात, "मॅडम, आमच्या बांधीत तुडतुडा आला." घरी पाहुणा आल्यासारखं सांगतात. मी "हो का" म्हणते आणि फळ्याकडे वळते. त्या शब्दामागे माझं काय आहे ते त्यांना सांगण्यासारखं नाही. लोकांना हंगामाची आठवण वासानं येते, गाण्यानं येते. मला मात्र या दिवसांत आठवतात ते कागद. हिरव्या दोऱ्यानं शिवलेले, डाव्या बाजूला भरपूर समास सोडलेले, आणि पानापानांत चिरडलेले बारीक किडे.

सात वर्षांपूर्वी तुडतुडा असाच आला होता. गोंदिया शहराच्या कडेला आमचं घर, मागच्या भिंतीपलीकडे लगेच शेतं. दिवेलागणीला ट्यूब लावली की किडे धावून येत. भिंत दिसेनाशी होई, वरणात पडत, कानात शिरत. आई सगळे दिवे मालवून स्वयंपाकघरात मेणबत्ती लावी, आणि मी पलंगावर मच्छरदाणीत लॅपटॉप घेऊन बसे. लॅपटॉपच्या उजेडाला बाहेरून मच्छरदाणीवर किडे चिकटत आणि आत मी लिहीत बसे. माझ्या वडिलांचा खटला मी मच्छरदाणीत बसून लिहिला, हे ऐकून लोक हसतात. मीही हसते, सवयीनं.

बाबा पोलिसात हवालदार होते. फौजदार व्हायची खात्याची परीक्षा त्यांनी पहिल्याच झटक्यात पास केली होती. पेढे आणले होते, आईनं नवी साडी नेसली होती. पुढे काय, तर ज्येष्ठता यादी. यादीत जो वर त्याच्या खांद्यावर आधी तारा. ही यादी आधी कच्ची निघते, ठाण्याठाण्यात फिरवतात, ज्याचं काही चुकलं असेल त्यानं ठरलेल्या मुदतीत हरकत घ्यायची. मुदत संपली की यादी पक्की, मग ब्रह्मदेवाच्यानंही हलत नाही. बाबांच्या नावापुढे परीक्षा पास झाल्याचं साल दोन वर्षांनी चुकलं होतं. कुणाचा वाईट हेतू नसेलही. लिहिणाऱ्याची नजर एक ओळ खाली गेली असेल. पण त्या दोन वर्षांनी बाबा कितीतरी नावांच्या खाली गेले, आणि ज्यांना त्यांनी सलाम कसा ठोकायचा ते शिकवलं होतं ती मुलं एकेक करून फौजदार झाली. बाबा त्यांना सलाम ठोकत राहिले.

ते फार बोलत नसत. फक्त त्या वर्षी बूट पुसायचे बंद झाले. ही गोष्ट आईनं आधी पाहिली. रोज सकाळी ओट्यावर बसून बूट घासणारा माणूस तसाच धुळीचे बूट घालून निघू लागला, तेव्हा आई म्हणाली, "तुम्ही काही करून राहिले का नाही? का असेच जाणार?" त्यानंतर बाबा नागपूरला गेले, वकीलबाई गाठल्या, आणि बढती डावलल्याचा अर्ज न्यायाधिकरणात दाखल झाला.

मग घराभोवतीची हवा बदलली. कुणी धमकी दिली असं मी म्हणणार नाही, कारण तशी कुणी दिलीच नाही. बाबांची बदली मुख्यालयात झाली, तिथं त्यांना टेबल नव्हतं. दिवसभर बाकावर बसायचं आणि संध्याकाळी परत यायचं. वर्षाच्या गोपनीय अहवालात आजवर "चांगला" असायचा तो शेरा "साधारण" झाला. ओळखीचे लोक रस्ता ओलांडून पलीकडे जाऊ लागले. आणि दर दोन-चार दिवसांनी एक गोड आवाज फोन करी. "फुंडेजी, तबीयत कैसी है? साहब पूछ रहे थे." एवढंच. बाबा "ठीक है" म्हणून फोन ठेवत आणि उगाच दाराची कडी लागली आहे का बघून येत. तबियतीची विचारपूस ऐकून माणसाला घाम फुटतो, हे मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं.

भात कापायला आला तेव्हा खात्याचं उत्तर आलं. पोस्टमननं दुपारी आणलं, मी ओट्यावर बसूनच वाचलं. अर्जदाराला कच्ची यादी दाखवली होती, त्यानं मुदतीत हरकत घेतली नाही, सबब अर्ज फेटाळावा. पुरावा म्हणून शेवटी एका पानाची झेरॉक्स जोडली होती. ठाण्यातल्या सगळ्यांची नावं, समोर "वाचून समजले", समोर सही आणि तारीख. बाबांच्या नावापुढेही सही होती. हुबेहूब. फक्त बाबा सही संपवताना खाली रेघ ओढतात ती डावीकडे मागे येते, आणि ही पुढे गेली होती.

मी उड्या मारायचीच बाकी राहिले. त्या तारखेला बाबा ठाण्यात नव्हतेच. ते सालेकश्याकडच्या जंगलातल्या दूरक्षेत्रावर, म्हणजे ठाण्याच्या लांबच्या चौकीवर होते, पंधरा-पंधरा दिवस परत येत नसत, आणि तिथल्या डायरीत त्यांच्या गस्तीच्या नोंदी असणार. सही खोटी, म्हणजे यादी दाखवलीच नाही, म्हणजे मुदत सुरूच झाली नाही. मी फोन करून वकीलबाईंना सांगितलंसुद्धा. त्या म्हणाल्या, "मग केस उभी राहिली समजा. हे आपल्या उत्तरात आलंच पाहिजे. हे नसेल तर केस मुदतीवरच पडेल."

संध्याकाळी बाबा आले. मी ते पान त्यांच्यापुढे धरलं आणि रेघेवर बोट ठेवलं. त्यांनी एकदा पाहिलं. चेहऱ्यावर आनंद येईल म्हणून मी वाट बघत होते. त्यांनी पान उलटं करून पलंगावर ठेवलं आणि पाय धुवायला गेले.

जंगलातल्या माणसाची सही ठाण्यातला माणूस करतो, ही त्या लोकांची जुनी रीत होती. ती कुठल्या नियमात नव्हती, आणि तिच्याशिवाय ठाणं चाललंही नसतं. कागद रोज येत. परिपत्रक, सूचना, आदेश, सगळ्यांच्या सह्या घेऊन आजच्या आज परत पाठवा. आणि अर्धी माणसं नागझिऱ्याच्या नाहीतर देवरीच्या रानात. त्यांना बोलवायचं कुठून? मग बारनिशीवरचा माणूस, म्हणजे येणाऱ्या-जाणाऱ्या कागदांचं टेबल सांभाळणारा, त्यांच्या सह्या मारून टाकी. त्यात उपकार होता. सही नसली की दुसऱ्या दिवशी खुलासा मागत, आणि जंगलातून आलेल्या दमलेल्या माणसाला खुलासा लिहीत बसावं लागू नये म्हणून त्याचा मित्र त्याची सही शिकून घेई. कागदात काय आहे ते ज्याची सही त्यानंही वाचलेलं नसे आणि ज्यानं केली त्यानंही नाही.

बारनिशीवर तेव्हा पटलेकाका होते. बाबांच्या बॅचचे, आमच्या घरी भाऊबीजेला आईकडून ओवाळून घेणारे. मला सायकल त्यांनी शिकवली.

चार दिवसांनी ते आले. सकाळची वेळ होती, हातात शिंगाड्यांची पिशवी. आईनं चहा ठेवला. पटलेकाका बराच वेळ शिंगाडे कुठल्या तळ्यातले, यंदा कसे गोड निघाले, असं बोलत बसले. मग पिशवी फरशीवर ठेवली.

"तू जंगलात होतास गा," ते म्हणाले. "यादी संध्याकाळी वापस पाठवाची होती. साहेब डोक्यावर उभे. मले वाटलं, रोजचाच कागद आहे. मारली तुह्या नावानं सही."

"वाचला नाही का?"

"आपण कधी कागद वाचतो का गा, फुंडे?"

शिंगाड्यांचा चिखल फरशीवर उतरला होता, बाबा त्याच्याकडे बघत होते.

"आता तू काय लिहून राहिला त्यात?" पटलेकाकांनी विचारलं.

"काही नाही."

"माझे नोकरीचे दोनच वर्ष राहिले," पटलेकाका म्हणाले. एवढं म्हणून ते उठले, माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि निघून गेले. चहा घेतलाच नाही. त्यांनी हात जोडले असते, रडले असते, तर मला त्यांचा राग धरता आला असता.

ते गेल्यावर बाबांनी मला जवळ बसवलं. "सहीचा एक शब्द त्यात येऊ देऊ नको."

"काऊन बाबा? खोटं आहे का ते?"

"खरं आहे म्हणूनच. पटले दोन साल जंगलात होता, तवा बारनिशीवर मी होतो. त्याच्या नावानं मी किती सह्या मारल्या, तुले माहीत आहे? त्याची चौकशी लागली अन् त्यानं तोंड उघडलं, तं मीही गेलो. अन् नाही उघडलं, तं तो एकटा जाते. यातलं कोणतं पायजे तुले?"

मला दोन्ही नको होतं. मला बाबांच्या खांद्यावर तारा हवा होता. मी सव्वीस वर्षांची होते, दुनियेत जे खरं ते लिहिलं की न्याय होतो असं मानत होते, आणि त्या वयात माणूस किती निर्दय असतो हे त्याला स्वतःला कळत नाही.

दिवाळी झाली, मंडई आली. आमच्या झाडीपट्टीत भाऊबीजेनंतर गावोगाव मंडई भरते. दंडारीचे नाच-खेळ, तमाशे, उसाच्या मोळ्या, जिलेब्या, लेकीबाळी माहेरी. बाबा आणि पटलेकाका दरवर्षी मिळून कामठ्याच्या मंडईला जात, ते पटलेकाकांचं गाव. त्या वर्षी बाबा गेले, मीही बरोबर होते. पटलेकाका दंडारीच्या गर्दीत पुढे उभे होते. त्यांनी आम्हाला पाहिलं, हात वर केला. बाबांनीही केला. आणि दोघांच्या मध्ये पन्नास-साठ माणसं होती, पण दोघांपैकी कुणीही पुढे सरकलं नाही. ढोलकी वाजत होती, लोक हसत होते, वर आभाळ विनाकारण भरून आलं होतं. कापून ठेवलेल्या कडपा शेतात आडव्या पडल्या असताना असं आभाळ आलं की माणसं हसता हसता मध्येच वर बघतात. बाबा त्या दिवशी वर बघत नव्हते, पटलेकाकांच्या पाठीकडे बघत होते. परत येताना जिलेबीची पुडी माझ्या मांडीवर तशीच थंड झाली.

वकीलबाईंचा दोनदा फोन आला. तारीख जवळ आली होती. त्या रागावल्या नाहीत, फक्त म्हणाल्या, "तुम्ही मला हात बांधून पोहायला सांगताय." त्या संध्याकाळी मी मच्छरदाणीत बसले. बाबा बाहेर अंधारात ओट्यावर बसले होते, त्यांच्या विडीचं टोक दिसत होतं. मी हकिकत मराठीत लिहून पाठवायची आणि वकीलबाईंनी ती इंग्रजीत बसवायची, असं आमचं चाललेलं होतं. मी सगळं लिहिलं, आणि मग ते लिहिलं. जोडलेल्या पानावरची सही अर्जदाराची नाही. त्या दिवशी अर्जदार दूरक्षेत्रावर हजर होता, तिथली डायरी मागवावी. पटलेकाकांचं नाव मी लिहिलं नाही. नाव लिहिलं नाही म्हणजे आपण कुणाचं काही केलं नाही, अशी मी स्वतःची समजूत घातली. बारनिशीवर त्या दिवशी कोण होतं हे शोधायला कुणाला किती वेळ लागणार होता? पाठव म्हणून बटण दाबलं तेव्हा मच्छरदाणीवर इतके किडे होते की बाबा दिसत नव्हते.

सकाळच्या गाडीनं आम्ही नागपूरला गेलो. सिव्हिल लाइन्समधल्या त्या लहानशा ऑफिसात इंग्रजीतलं शपथपत्र तयार होतं. जिथं सही करायची तिथं कारकुनानं पेन्सिलनं फुल्या मारून ठेवल्या होत्या. नवव्या परिच्छेदात माझं वाक्य होतं. इंग्रजीत ते अजूनच सरळ आणि थंड दिसत होतं. बाबांना इंग्रजी येत असे, पण अक्षर लावत लावत वाचावं लागे. कारकुनाला बाबांच्या ओळखपत्राची झेरॉक्स हवी होती, म्हणून मी ती काढायला खाली गेले. दुकानात गर्दी होती. मी परत आले तेव्हा बाबा शेवटच्या पानांवर होते. फुली दिसली की सही, पान उलटलं, फुली, सही. तीस वर्षं ठाण्यात केली तशी. मी त्यांच्या शेजारी उभी राहिले. थांबा, वाचा, एवढं म्हणायला तोंड उघडावं लागलं असतं. मी ते उघडलं नाही. उतरताना बाबा जिन्यात एक पायरी चुकले, मी हात धरला.

बाकीचं सगळं कुठल्याही खटल्यात होतं तसं झालं. डायरी आली, मूळ पान आलं, डायरीत बाबा जंगलात होते. बाबांना मागच्या तारखेपासून बढती मिळाली. आई शेजारणींना सांगत फिरली. आणि खोट्या सहीची खात्यानं चौकशी लावली. पटलेकाका निलंबित झाले. चौकशी चालू असतानाच निवृत्तीची तारीख आली आणि गेली. निरोप नाही, हार नाही. ठाण्यात त्यांचं कपाट दुसऱ्यानं उघडलं.

चौकशीत त्यांना विचारलं होतं, अशा सह्या आणखी कुणी केल्या? तेव्हापासून आमच्या घरात जे सुरू झालं ते मी कुणाला नीट सांगू शकलेली नाही. घरात तारा आला होता आणि कुणी मोठ्यानं बोलत नव्हतं. दारासमोर गाडी थांबली की बाबांचा घास हातात राही. फोन वाजला की आई आधी बाबांकडे बघे. पटलेकाकांनी एक नाव घेतलं असतं की पुरे होतं. ते आज घेतील, उद्या घेतील. बाबा फौजदार म्हणून जेवढे दिवस राहिले, तेवढे सगळे दिवस आम्ही त्या एका नावाची वाट बघत जगलो. ठाण्यात आता कुणी कुणाची सही करत नसे. परिपत्रकं जीपनं जंगलात जात आणि सही घेऊन परत येत. सगळं नियमानं होऊ लागलं. बाबांच्या टेबलापाशी चहाला मात्र कुणी बसेना.

पटलेकाकांनी ते नाव कधीच घेतलं नाही. चौकशी त्यांच्यावरच संपली.

आणि मला बदली मिळाली ती नेमकी कामठ्याला, पटलेकाकांच्या गावाला. ते आता शेती करतात, केस पांढरे झाले आहेत. धुऱ्यावरून मला पाहतात, गाडी थांबवायला लावतात, पोरं नीट शिकतात का विचारतात. एकदा त्यांनी घरचे नवे पोहे दिले. मी ते घरी नेले नाहीत. रस्त्यातल्या मोरीत ओतले आणि पुलावर उभी राहून रडले. सात वर्षांत त्यांनी मला एक वाकडा शब्द ऐकवला नाही. हा माणूस कधीतरी थांबेल, विळा खाली ठेवेल आणि विचारेल, "बाई, ते तू लिहिलं होतंस ना?" या भीतीनं मी रोज सकाळी शाळेला निघते.

यंदाचा तुडतुडा त्यांच्याही बांधीत आहे. परवा ते त्या करपलेल्या गोलाच्या मधोमध उभे होते, पाठमोरे, हात कमरेवर. मला त्यांना हाक मारवेना. घरी आले तर बाबा ओट्यावर बसले होते. निवृत्त होऊन त्यांनाही आता वर्षं झाली. कान कमी ऐकतात. मी समोर बसले आणि सांगून टाकलं. कसलीही तयारी न करता, चपला न काढता.

"बाबा, सहीचं मी लिहिलं होतं. तुम्ही नको म्हणाले तरी लिहिलं. तुमच्याकडून न वाचता सही घेतली मी."

बाबा भिंतीपलीकडच्या शेताकडे बघत राहिले. मला वाटलं ऐकू गेलं नाही. मी पुन्हा सांगणार होते.

"नऊ नंबरचा पॅरा," ते म्हणाले.

मी सरकून त्यांच्या जवळ बसले.

"तू झेरॉक्सले गेली, तवा वाचला. दोनदा वाचला. कारकुनाले अर्थ विचारला एका शब्दाचा." त्यांनी चष्मा काढून मांडीवर ठेवला. "सगळ्या नोकरीत तोच एक कागद मी पूर्ण वाचून सही केला, बाई."

आतून आईनं दिवा लावू का म्हणून विचारलं. सात वर्षं मी पटलेकाकांचा घात केल्याचा गुन्हा माझ्या एकटीच्या नावावर घेऊन फिरत होते, आणि बाबा ते रोज बघत होते, आणि त्यांनी मला फिरू दिलं.